अनुभव धागा: नाशकातला मॉल, तुम्ही शेवटचे कधी गेला होतात?

पंचवटीकर
परवा मोबाईलची काच बदलायला गेलो होतो त्या मॉलमध्ये. कोणता ते लिहीत नाही, ज्याला कळायचं त्याला कळेल. (उंटवाडीचा सिटी सेंटर नाही बरं का, तिथं अजून शनिवार-रविवारी गर्दी असते.) सरकता जिना बंद, लोक तसेच चढतात त्यावरून, पण त्याच्या पायऱ्या साध्या जिन्यापेक्षा उंच असतात ना, त्यामुळे दर पावलाला गुडघा विचारतो काय चाललंय. कारंजं होतं तिथं प्लास्टिकच्या खुर्च्या एकात एक घालून ठेवल्यात. दुसऱ्या मजल्यावर २२ गाळे मोजले, ४ चालू. आणि एके काळी गाडी लावायला तासभर लाईन होती राव इथे. चढती असो उतरती असो, आपापली आठवण लिहा. फक्त मॉलचं नाव नको, उगाच भांडणं होतात.

नाईटड्युटी
मी तिथंच सिक्युरिटीला होतो. पहिली दोन वर्षं ड्युटी फक्त सरकत्या जिन्याच्या खाली उभं राहायची. निफाड, दिंडोरी, सिन्नरकडून लोकं गाड्या करून यायची, द्राक्षाचे पैसे हातात आले की मार्च-एप्रिलला जत्राच. बायामाणसांना हात धरून चढवायचं नाही असं वरून सांगितलेलं, फक्त म्हणायचं मावशी पदर सावरा, पिवळ्या रेघेच्या आत पाय ठेवा. खिशात कात्री असायची माझ्या. पदर दातऱ्यात गेला तर आधी लाल बटण दाबायचं मग पदर कापायचा. एकदाच लागली. हिरवी सुती साडी होती, वीतभर तुकडा गेला. मला वाटलं आता ओरडा बसणार, तर मावशी तुकडा बघून म्हणाल्या, "राहू दे तुला, रुमाल होईल."

इगतपुरी_लोकल
तुमच्याकडे निदान फुकट होता. मुंबईत ताडदेवचा क्रॉसरोड्स मॉल १९९९ ला सुरू झाला तेव्हा काही काळ दारावर मोबाईल नाहीतर क्रेडिट कार्ड दाखवावं लागायचं, नसेल तर पैसे भरा. आम्ही चौघं रूममेट, मोबाईल एकाकडेच, तो एकटा आत जाऊन आला आणि लोकलमध्ये कल्याणपर्यंत वर्णन करत बसला.

सिडकोकर_ताई
पोरं एसी आणि पिक्चर आठवतात, मला सांगायचंय ते वेगळंच आहे. लग्नाची खरेदी मेनरोडलाच व्हायची, शालिमारला उतरायचं, दहीपुलापर्यंत पायी, चार-चार तास, आणि त्या चार तासांत बाईमाणसानं जायचं कुठं? आई तर निघायच्या आधीपासून पाणीच प्यायची नाही. मॉल झाला आणि पहिल्यांदा स्वच्छ बाथरूम, दाराला कडी, नळाला पाणी. खरेदी मग मेनरोडलाच करायचो (मॉलमध्ये परवडत कोणाला होतं) पण मधे रिक्षा करून मॉलमध्ये जाऊन यायचो, येताना एक आईस्क्रीम घ्यायचो म्हणजे फुकट वापरल्यासारखं वाटायला नको. मे महिन्यात तर आईला दुपारी दोन ते पाच तिथंच बसवून ठेवायचे, बाकावर, स्वेटर विणत. एसी इतका की ते विणलेलं स्वेटरच तिनं मांडीवर घ्यावं.
उतरती कधी लागली मला बाथरूमवरून कळलं. आधी साबण गेला, मग एक दिवस कडी तुटली ती तुटलीच, मग तिसऱ्या मजल्यावरच्याला कुलूप. दुकानं नंतर बंद झाली.

ओझरवाला_रिटायर्ड
आता माझंही ऐका, जरा मोठं आहे.
फंडातल्या पैशातून गाळा घेतला. कागदावर २१० फूट, आत मोजला तर ११८, बाकीचे म्हणे जिना, पॅसेज आणि संडास यातला माझा वाटा. पहिली तीन वर्षं ठरलेलं भाडं बिल्डर देणार असं होतं आणि दिलं पण, वेळेवर, म्हणून मेहुण्यालाही घ्यायला लावला (तो अजून दिवाळीला नीट बोलत नाही). चौथ्या वर्षी समजलं की ते भाडं दुकानाच्या धंद्यातून येतच नव्हतं, आमच्याच पैशातलं आम्हाला परत येत होतं.
सगळे म्हणतात ऑनलाईननं मॉल मारला. असेल, पण आमचा त्याआधीच आजारी होता. गाळे सुटे सुटे विकलेले, दोनशेच्या वर मालक, निम्मे मुंबई-पुण्याचे. एकाच मालकाचा मॉल असेल तर तो ठरवतो की खाली मोठं दुकान आणायचं, त्याला भाडं कमी लावायचं, त्याच्या गर्दीवर बाकीचे जगतील, कपड्याच्या शेजारी कपडा, खाण्याच्या शेजारी खाणं. आमच्याकडे ज्याला जो भाडेकरू मिळाला तो. ब्रँडेड घड्याळांच्या शेजारी झेरॉक्स, त्याच्या शेजारी चप्पल रिपेअर. मोठ्या दुकानाला सलग जागा हवी होती, नऊ गाळे जोडून. आठ मालक तयार, नववा फोन उचलेना. पार्टी गेली.
मग मेंटेनन्स. ज्याचा गाळा बंद तो म्हणणार मी कशाला भरू. थकबाकी वाढली की आधी एसी दुपारनंतर, मग फक्त शनिवार-रविवार, मग नाहीच. काचेची बिल्डिंग, खिडकी उघडत नाही, एसी नाही म्हटल्यावर आत भट्टी. सरकता जिना दुरुस्त करायचा तर वर्गणी काढायची, गणपतीला निघते तशी. पण गणपतीला लोकं देतात हो.

मेनरोडचा_पोऱ्या
काका, आमच्या मेनरोडला पण प्रत्येक दुकानाचा मालक वेगळाच आहे की, मग आम्ही कसे तगलो?

ओझरवाला_रिटायर्ड
तुझ्या दुकानाबाहेर छत आहे का? लिफ्ट? एसीचं बिल? रस्ता महापालिकेचा. शेजारच्यानं दुकान बंद ठेवलं तर तुझ्यासमोरची गर्दी थांबत नाही आणि तुझा दिवाही जात नाही. इथं एकमेकांच्या गळ्यात गळे बांधलेले, आणि ओळख कोणाची कोणाशी नाही.

मेनरोडचा_पोऱ्या
पटलं. पण आम्ही मजेत होतो असं समजू नका. मॉल जोरात होता तेव्हा वडील म्हणायचे दुकान विकू, कॉलेजची पोरं मेनरोडला यायचीच बंद झालेली. नंतर कोरोनात, २०२१ च्या मार्चअखेरीला, बाजारात शिरायला माणशी ५ रुपये पावती काढली होती आठवतंय ना, तासात बाहेर नाहीतर ५०० दंड. गिऱ्हाईक साडी अंगावर घेऊन आरशात बघतंय आणि नवरा बाहेरून घड्याळ दाखवतोय. भाव करायलाच वेळ नाही! वडील तेवढ्यावर खूश, बाकी गल्ला पार मेलेला.

फूडकोर्ट_दोसा
लॉकडाऊनचं माझंही. २०२० मध्ये ५ ऑगस्टला मॉल उघडले, पण फूड कोर्ट आणि थिएटर बंदच. आमचं गिऱ्हाईक सगळं पिक्चर सुटल्यावरचं. थिएटरं नोव्हेंबरला, ती पण अर्धी भरायची. भाडं पूर्ण. तवा विकला नाही, सातपूरला गाडी लावली, आता बरं चाललंय.

ना_भो
बुधवारी गंगेवरच्या (गोदाकाठच्या) बाजारात जा, तिथं कोणाचा एसी बंद पडत नाही.

सिडकोकर_ताई
@ना_भो आणि बाथरूम?

ना_भो
…बरोबर आहे ताई, गप बसतो.

पंचवटीकर
काका, तुमच्या गाळ्याचं पुढे काय झालं?

ओझरवाला_रिटायर्ड
गेल्या वर्षी भाड्यानं गेला, शेजारचे तीन धरून. ऑनलाईनवाल्यांची पार्सलं ठेवतात, शटर अर्धं खाली, पोरं गाडी लावून घेऊन जातात. भाडं थोडं आहे पण महिन्याच्या महिन्याला येतं. मेहुण्याचा अजून रिकामाच.
आणि हो, नाईटड्युटी भाऊ, ती कात्री परत केली का हो तुम्ही?

नाईटड्युटी
नाही ओ. शेवटचा पगार आला नाही, कात्री राहिली. घरी आहे, मिसेस दुधाच्या पिशव्या कापते तिनं.