मुरुक्कू तेलात फुटतो आणि गार झाल्यावर दगड होतो

खमंग_इंदूर
भाजणीची चकली नको, तमिळ पद्धतीचा पांढरा मुरुक्कू करायचा आहे. तयार तांदूळपीठ इंदूरच्या सियागंज बाजारातून आणलं, उडीद डाळ कच्चीच चक्कीवर दळली. दोन वाट्या तांदूळपीठ, एक वाटी उडीदपीठ, चार चमचे कडकडीत तेलाचं मोहन. सोऱ्यातून पाडताना तुकडे पडतात, तळताना दोन-तीन फटकन फुटतात, गार झाल्यावर लालसर आणि टणक. काय बदलू?

पाटावरवंटा
मुख्य घोळ उडदाचा आहे. प्रमाण निम्म्याहूनही खूप कमी करा. ५०० ग्रॅम तांदूळपिठाला ६० ग्रॅम उडीदपीठ पुरतं. उडीद जास्त झाला की रंग चढतो आणि मुरुक्कू कडक होतो. डाळ मंद आचेवर खमंग वास येईपर्यंतच भाजा, लाल होऊ देऊ नका. गार करून दळा आणि मैद्याच्या चाळणीने चाळा. जाडसर कण राहिले की तिथेच वाफ कोंडते आणि मुरुक्कू फुटतो, हातावर तेल उडतं. त्यामुळे चाळण्यात अजिबात आळस नको.

चक्कीवर आधी बेसन दळलेलं असेल तर तेही पिठात येतं. कुणाच्या तांदळाच्या पाठोपाठ आपली डाळ द्या.

सोऱ्या_आणि_झारा
वरच्या प्रमाणाला ५० ग्रॅम मऊ लोणी, दोन सपाट चहाचे चमचे मीठ, तेवढंच जिरं, अर्धा चमचा हिंग. अमूल बटर घेतलं तर मीठ कमी करा. लोणी आधी कोरड्या पिठात चोळा. मूठ वळली की मोहन बरोबर. वळलेली मूठ तुपकट लागली तर मोहन जास्त झालंय, असा मुरुक्कू तेलात विरघळतो.

तयार पीठ कोरडं असतं, साधारण ३५० मिली पाणी पिईल. पण सगळं एकदम ओतू नका, शेवटी चमच्याने घाला. तुकडे पडतात म्हणजे पाणी कमी. उरलेला गोळा ओल्या फडक्याखाली ठेवा. सगळं पीठ एकदम न भिजवता दोन-तीन घाण्यांपुरतंच भिजवा, फार वेळ राहिलं की मुरुक्कू तेल पितो.

खमंग_इंदूर
कडकडीत तेलाचं मोहन चालणारच नाही का? आणि चकती कोणती लावू?

पाटावरवंटा
चालतं, खुसखुशीतही होतं, पण लोण्याची चव आणि तोंडात विरघळणं तेलाने येत नाही. गुळगुळीत तेनकुळल (मुरुक्कूचाच बिनकाट्यांचा प्रकार) हवा असेल तर तीन गोल भोकांची चकती, काटेरी हवा असेल तर चकलीची चांदणी. सोऱ्यात पीठ दाबून भरा, मध्ये हवा राहिली तरी फुटतो.

सोऱ्या_आणि_झारा
तळणीबद्दल: आपल्याकडे शेव मोठ्या आचेवर झटपट निघते, ती सवय इथे बाजूला ठेवा. पिठाची गोळी टाकल्यावर ती लगेच वर आली पाहिजे, मग आच मध्यम. थंड तेलात मुरुक्कू तेलकट होतो, फार तापलेल्यात बाहेरून रंगतो आणि आत ओला राहून संध्याकाळी मऊ पडतो. एका घाण्यात तीन-चारच. रंगाकडे पाहू नका, बुडबुड्यांकडे पाहा: ते जवळजवळ थांबले आणि चुरचुर आवाज मंदावला की काढा. पांढरटच निघायला हवा. पूर्ण गार झाल्याशिवाय डब्यात भरू नका.