गरम झाल्यावर गाडी लवकर चालू होत नाही, पी०३४० कोड येतोय, कॅमशाफ्ट सेन्सर घरी बदलता येईल का?

कृष्णाकाठ:
नमस्कार मंडळी, गाडी २०१३ ची आहे, १.२ पेट्रोल, चार सिलिंडर, सीएनजी किट नंतर बाहेरून बसवलेलं. सकाळी थंड असताना अर्ध्या सेल्फला चालू होते, काहीच तक्रार नाही. पण पुण्याहून साताऱ्याला येताना खंबाटकी चढून वर चहाला थांबलो आणि दहा-पंधरा मिनिटांनी परत चावी मारली की नुसता सेल्फ फिरत राहतो, बराच वेळ घरघर करून मग एकदम झटका देऊन चालू होते. बोनेट उघडून अर्धा तास थांबलं तर परत एकदम नीट. चालता चालता कधी बंद पडलेली नाही, पण चेक लाइट अधूनमधून लागतो आणि लागला की पिकअप थोडा मेल्यासारखा वाटतो. मित्राचा ब्लूटूथवाला ओबीडी स्कॅनर (गाडीचे फॉल्ट कोड वाचणारा) लावला तर पी०३४० एकच कोड आला. गॅरेजवाला म्हणाला सेन्सर बदलू, नाही थांबलं तर मग ईसीयू (इंजिन चालवणारा कॉम्प्युटर) बघावा लागेल, आणि ईसीयूचा आकडा ऐकून मी तिथून निघालोच. माझ्याकडे मल्टीमीटर आहे, पाने-सॉकेट आहेत, प्लग, एअर फिल्टर, ब्रेक पॅड मी स्वतःच बदलतो. सरळ नवीन सेन्सर आणून लावू का आधी काही तपासता येतं?

नाशिककर_७:
पेट्रोलवर पण असंच होतं का फक्त गॅसवर? आणि बॅटरी किती जुनी आहे? सेल्फ मारताना व्होल्टेज १० च्या खाली जात असेल तर सेन्सरचे कोड उगाचच येतात, आधी तेवढं बघून घ्या.

कृष्णाकाठ:
चालू कायम पेट्रोलवरच होते, नंतर गॅसवर जाते, किट तसंच सेट आहे. बॅटरी गेल्या दिवाळीला नवीन टाकलीय. आत्ता घरच्यांना सेल्फ मारायला सांगून बघितलं, १०.६ च्या खाली गेलं नाही.

पानासॉकेट:
मग बॅटरी बाजूला ठेवा. सरळ सेन्सर आणून लावू नका दादा, कारण पी०३४० हा कोड सेन्सर गेला असं सांगतच नाही, तो सांगतो की कॅम सेन्सरच्या सर्किटमध्ये गडबड आहे, आणि सर्किट म्हणजे सेन्सर, त्याचा कपलर (वायरींचा प्लग), तिन्ही वायरी आणि पलीकडचा ईसीयू हे सगळंच आलं. लोक सेन्सर बदलतात, कोड परत येतो, मग दुसऱ्या कंपनीचा सेन्सर आणतात, परत तेच, आणि शेवटी उंदराने कुरतडलेली वायर सापडते. पार्किंगमध्ये उंदीर असतील तर हे पहिलं बघायचं. पैसे खर्च करायच्या आधी मीटरवर अर्धा तास घालवा.

आधी हे समजून घ्या की हा सेन्सर नेमकं करतो काय, म्हणजे तुमची लक्षणं का जुळतात ते कळेल. फोर स्ट्रोक इंजिनात एक पूर्ण चक्र व्हायला क्रँक (पिस्टनला जोडलेला दांडा) दोनदा फिरतो आणि कॅम (व्हॉल्व्ह उघडणारा दांडा) एकदाच. क्रँकचा सेन्सर ईसीयूला सांगतो की पिस्टन वर आलाय, पण तो कॉम्प्रेशनला वर आलाय का एक्झॉस्टला हे त्याला कळत नाही, ते कॅम सेन्सर सांगतो. ते कळलं की ईसीयू बरोबर सिलिंडरला पेट्रोल आणि स्पार्क देतो. सिग्नल नसेल तर ईसीयू चाचपडत बसतो, म्हणून सेल्फ लांबतो. एकदा चालू झाली की मग बऱ्याच गाड्या क्रँकच्या जोरावर चालत राहतात, फक्त जोर कमी लागतो आणि लाइट लागतो. तुमचं वर्णन त्यात बसतंय. चालता चालता धाडकन बंद पडली असती तर मी आधी क्रँक सेन्सरवर संशय घेतला असता.

आता तपासणी. बहुतेक पेट्रोल गाड्यांना कॅमला तीन वायरींचा हॉल सेन्सर असतो, तुमच्यालाही तोच असणार, तरी कपलरच्या पिना मोजा. तीन असतील तर मीटर ओहमवर लावून सेन्सर मोजायच्या भानगडीत पडू नका, आत इलेक्ट्रॉनिक सर्किट असतं, त्या आकड्याला काही अर्थ नाही. ओहम मोजून पास-नापास करायचं ते दोन वायरींच्या जुन्या पद्धतीच्या सेन्सरला.

कपलर काढा, चावी ऑन करा, गाडी चालू करू नका. मीटर डीसी व्होल्टवर, काळी पिन बॅटरीच्या निगेटिव्हला. एका पिनेवर सप्लाय मिळायला पाहिजे, गाडीप्रमाणे ५ किंवा १२ व्होल्ट. दुसऱ्या एका पिनेवर ५ च्या आसपास मिळायला पाहिजे, ती सिग्नलची वायर, ईसीयू तिकडून व्होल्टेज देऊन ठेवतो आणि सेन्सर ते खाली ओढतो. सप्लाय पण ५ चाच असेल तर दोन पिना सारख्याच दिसतील, मग कुठली कुठली ते वायरींच्या रंगावरून डायग्राममध्ये बघून घ्या. सिग्नलच्या पिनेवर काहीच नसेल तर वायर तुटलीय किंवा पलीकडे ईसीयूत लोच्या आहे, सेन्सरचा काही संबंध नाही. राहिली तिसरी, ती अर्थ. ती तपासताना लाल पिन बॅटरीच्या पॉझिटिव्हला लावा आणि काळी त्या पिनेला, बॅटरीएवढं व्होल्टेज दिसलं पाहिजे. आणि हे सगळं मोजताना वायर हलवत राहा, वाकवा, ओढा. आकडा नाचला की वायर आतून तुटलेली. मीटरची जाड पिन कपलरच्या बायकी पिनेत घुसवू नका, ती फाकते आणि नवीनच लूज कॉन्टॅक्ट तयार होतो, बारीक टाचणी वापरा.

हेडगास्केट_कोल्हापूर:
पानासॉकेट भाऊंनी सगळं बरोबर सांगितलंय, दोन गोष्टी माझ्याकडून. एक म्हणजे सीएनजी किटवाल्यांनी कुठे कुठे वायरी सोलून जोड मारलेत ते बघा. सिक्वेन्शियल किटच्या ईसीयूला आरपीएमचा सिग्नल लागतो आणि तो काही जण कॉइलवरून घेतात तर काही जण क्रँक किंवा कॅमच्या वायरीवरून. तो जोड सोल्डर न करता नुसता पिळून वर टेप मारलेला असेल तर टेपचा डिंक उन्हाळ्यात वितळतो आणि पावसाळ्यात आत पाणी शिरतं. गरम झाल्यावर येणारा फॉल्ट असा जोडातूनही येऊ शकतो.

दुसरं, कपलर काढल्यावर आत बोट फिरवून बघा, इंजिन ऑइल लागतंय का. सेन्सरचं टोक हेडच्या आत ऑइलमध्येच असतं, आतलं सील गेलं की ऑइल सेन्सरच्या पोटातून वर चढतं आणि कपलरमध्ये येतं. असं असेल तर तो सेन्सर गेल्यातच जमा, बाकी टेस्टचा निकाल काहीही येवो.

डिझेलवाला:
धागा भरकटवत नाही पण माझ्या गाडीला पी००१६ येतोय, तो पण कॅमचाच ना? मग मी पण सेन्सर बदलू का, गाडी चालू होताना पुढून खडखड आवाज येतो थोडा वेळ.

हेडगास्केट_कोल्हापूर:
@डिझेलवाला नको नको, तुमचं प्रकरण वेगळं आहे. पी००१६ म्हणजे कॅम आणि क्रँक दोघांचे सिग्नल येतायत पण त्यांचा एकमेकांशी मेळ बसत नाहीये. वर चालू होताना पुढून खडखड म्हणताय म्हणजे क्रँकवरून कॅम फिरवणारी टायमिंग चेन सैल झालीय किंवा ती ताणून धरणारा टेन्शनर गेलाय हा पहिला संशय. ऑइलची पातळी आजच बघा, आणि गाडी लांब नेऊ नका, चेनने दात सोडला तर व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटून हेडचं काम निघेल. वेगळा धागा काढा, तिथे बोलू.

कृष्णाकाठ:
तपासलं. तीनच पिना आहेत. सप्लाय १२.४, सिग्नलला ४.९, अर्थ पण व्यवस्थित, वायर कितीही हलवली तरी आकडा हलला नाही. सीएनजीवाल्याने आरपीएम कॉइलवरून घेतलाय, कॅमच्या वायरीला हात लावलेला नाही. उंदराचा काही माग नाही. पण कपलरच्या आत ऑइल आहे! पिवळसर, अगदी थोडं, पण कापसाने पुसलं तर कापूस भिजला. म्हणजे सेन्सरच ना? तरी एकदा खात्री करून घ्यायची असेल तर काही मार्ग आहे का, ओरिजिनल सेन्सर काही फुकट येत नाही.

पानासॉकेट:
आहे. सेन्सर हेडमधून बाहेर काढा, पुसा, कपलर परत लावा. चावी ऑन. सिग्नलच्या वायरीला कपलरच्या मागच्या बाजूने रबराच्या कडेने टाचणी सरकवून मीटर लावा, दुसरी पिन अर्थला. आता सेन्सरच्या टोकापुढून लोखंडी पान्याचं तोंड अगदी जवळून न्या आणि मागे घ्या. आत चुंबक असतो, लोखंड जवळ आलं-गेलं की आकडा ५ वरून जवळपास शून्यावर आणि परत ५ वर असा उडी मारला पाहिजे. मधेच अडीच-तीनवर लटकत असेल किंवा एकाच आकड्यावर चिकटून राहिला तर सेन्सर गेला. बहुतेक हॉल सेन्सरला ही टेस्ट चालते.

तुमचा फॉल्ट गरम झाल्यावरचा आहे, तेव्हा थंड सेन्सर पास होईल आणि तुम्ही गोंधळात पडाल. म्हणून हेअर ड्रायरने सेन्सर चांगला तापवा, हाताला चटका बसेल इतका, आणि मग तीच टेस्ट परत करा. गॅस लायटर किंवा मेणबत्ती लावू नका, प्लास्टिक वितळेल.

काढताना काय काळजी घ्यायची ते पण सांगून ठेवतो. इंजिन पूर्ण थंड होऊ द्या, हँडब्रेक, गिअर न्यूट्रल, काढताना चावी खिशात, बॅटरीची निगेटिव्ह काढून ठेवा, टेस्ट करायच्या वेळी परत लावा. सेन्सरच्या आजूबाजूची माती आधी ब्रशने आणि कापडाने साफ करा, नाहीतर सेन्सर निघाला की ती सगळी हेडमध्ये पडेल. बहुतेक ठिकाणी १० नंबरच्या पान्याने सुटणारा एकच बोल्ट असतो. बोल्ट निघाला तरी सेन्सर निघत नाही, ओ-रिंग (सेन्सरभोवतीची रबरी रिंग) वर्षानुवर्षं उष्णतेने चिकटलेली असते. तेव्हा स्क्रू ड्रायव्हरने उचकटायचं नाही. प्लास्टिकचं टोक आत तुटलं तर ते काढणं फार त्रासाचं होतं. बुडाशी थोडा गंज सोडवायचा स्प्रे मारा, पाच मिनिटं थांबा, मग हाताने डावीकडे-उजवीकडे फिरवत राहा. आधी फिरायला लागेल आणि मगच वर येईल. निघाल्यावर जुनी ओ-रिंग त्याच्यासोबत आली का बघा, तुटून अर्धी आत राहिली तर ती काढल्याशिवाय नवीन बसवू नका.

नाशिककर_७:
आणि टोकाला काय चिकटलंय ते नीट बघा. राखाडी लेप थोडासा असतोच, चुंबकामुळे बारीक कण धरतात. पण चमकणारे कपचे असतील तर सेन्सर राहिला बाजूला, इंजिनच्या आत काहीतरी घासतंय, ऑइल काढून बघावं लागेल.

कृष्णाकाठ:
झालं मंडळी, सविस्तर लिहितो म्हणजे पुढे कोणाला हा कोड आला तर उपयोगी पडेल.

बोल्ट १० चाच होता, सहज सुटला. सेन्सर मात्र हलेना. स्प्रे मारून चहा पिऊन आलो आणि मग कापड गुंडाळून फिरवत बसलो, एकदा कट्ट करून सुटला आणि मग वर आला. ओ-रिंग अख्खी होती पण गोल राहिलीच नव्हती, चपटी आणि नख रुतणार नाही इतकी कडक. टोकाला नुसता राखाडी लेप, कपचे नाहीत. थंड असताना पाना पुढून नेला की ४.९ वरून ०.१ वर, परत ४.९, एकदम स्वच्छ. मग ड्रायरने तापवत गेलो आणि तिथे खरा प्रकार दिसला, आधी खाली यायला उशीर लागायला लागला, मग आकडा ३.२ वर येऊन अडकला आणि पाना कितीही जवळ नेला तरी तिथेच. फुंकर मारत थोडा थंड केला की परत व्यवस्थित. घाटात माझ्याशी जे होत होतं ते सगळं डोळ्यासमोर टेबलावर.

नवीन सेन्सर ओरिजिनलच घेतला, दुकानात लोकल पण दाखवला होता, निम्म्याहून कमी किमतीत, पण जुना शेजारी ठेवून बघितलं तर लोकलचं टोक उघड्या डोळ्यांना कळेल इतकं आखूड होतं. ओरिजिनल बरोबर त्याच लांबीचा. ओ-रिंगला इंजिन ऑइलचं बोट लावून हाताने दाबून पूर्ण खाली बसवला आणि मग बोल्ट. गाडीच्या बाजूच्या कपलरमध्ये कॉन्टॅक्ट क्लीनर मारून ऑइल काढलं, वाळू दिलं. कोड पुसला. काल मुद्दाम परत खंबाटकीला नेली, वर बंद करून थांबलो, पहिल्या सेल्फला चालू. लाइट नाही, पेंडिंग कोड पण नाही. बॅटरी काढल्यामुळे सुरुवातीला आयडलिंग थोडं वरखाली होत होतं ते आपोआप बसलं.

एक शंका राहिलीय, बोल्ट मी अंदाजाने आवळलाय, टॉर्क रेंच नाही, चालेल ना?

पानासॉकेट:
चालेल. तो सहा एमएमचा छोटा बोल्ट असतो, हेड अॅल्युमिनियमचं, १० न्यूटन मीटरच्या आसपासच टॉर्क लागतो. लहान रॅचेट हँडलच्या गळ्याजवळ धरून मनगटाने आवळला असेल तर बास. जास्त आवळला तर सेन्सरचा कान तरी तुटतो नाहीतर हेडमधले आटे जातात. लोकल घेतला नाही ते फार चांगलं केलंत. टोक आणि कॅमवरच्या दात्यांमध्ये जेमतेम एखाद्या मिलिमीटरचं अंतर असतं, टोक आखूड असलं की ते वाढतं आणि सिग्नल मधे मधे तुटतो, मग लोक म्हणतात नवीन सेन्सर टाकूनही कोड जात नाही.

हेडगास्केट_कोल्हापूर:
महिनाभराने कपलर एकदा परत काढून कापूस फिरवा. ऑइल वायरीच्या कोटिंगच्या आतून पुढे सरकतं, आत जे आधीच शिरलंय ते थोडं परत झिरपून येईल, ते पुसून टाका. दोन-तीनदा साफ करूनही येतच राहिलं तर ईसीयूकडचा कपलर पण उघडून बघायचा, तिथपर्यंत पोचलं असेल तर वेळीच साफ केलेलं बरं. आणि सेन्सरच्या बुडाशी बाहेरून ओल दिसतेय का तेही तेव्हाच बघा, नवीन ओ-रिंग बसताना दुमडली असेल तर तिथूनच कळतं.

कृष्णाकाठ:
बघतो नक्की. आत्ता तरी बुडाशी कोरडं आहे, कापड फिरवून बघितलं. डिझेलवाले भाऊ, तुमच्या गाडीचा धागा दिसला नाही, चेन बघितली का?

डिझेलवाला:
गाडी उभीच ठेवलीय, ऑइल किमान खुणेच्या खाली होतं. उद्या टोइंग करून नेतोय, पुढचं कव्हर उघडल्यावर फोटो टाकतो नवीन धाग्यात.