हायड्रोजन आयोडाइड, हायड्रोआयोडिक आम्ल, हायड्रोआयोडाइड : कोठारात एकाच नोंदीखाली चालतील का?

कोठारनोंद यांचा प्रश्न :

प्रयोगशाळेच्या रसायन-कोठाराची नोंदवही मराठीत नव्याने लावायची आहे. सध्या 'एचआय' (HI, हायड्रोजन आयोडाइडचे सूत्र) या एकाच मथळ्याखाली पुढची नावे आहेत : हायड्रोजन आयोडाइड, हायड्रोआयोडिक ॲसिड ५७%, हायड्रायोडिक ॲसिड ४७%, एथिलीनडायअमाइन डायहायड्रोआयोडाइड, ट्रायमेथिलअमाइन हायड्रोआयोडाइड आणि ट्रायमेथिलअमाइन मेथायोडाइड. पहिल्या तिन्हींना सीएएस क्रमांक (रसायनाचा ओळखक्रमांक) एकच आहे, १००३४-८५-२. त्यामुळे ही एकाच पदार्थाची वेगवेगळी नावे असावीत असे वाटते. पण मग टक्केवारी फक्त दोघांवरच का? 'हायड्रोआयोडिक' आणि 'हायड्रायोडिक' यांत फरक आहे का? आणि हायड्रोआयोडाइड म्हणजे नुसते आयोडाइडच का? जाणकारांनी उलगडून सांगावे. नोंद चुकली तर पुढे वजनाचा हिशेबही चुकेल, ही खरी काळजी आहे.

---

अनुमापक यांचा प्रतिसाद :

काळजी रास्त आहे. हिशेब चुकतो तो इथेच.

हायड्रोजन आयोडाइड म्हणजे एक हायड्रोजन आणि एक आयोडीन यांचा रेणू. रेणुवस्तुमान १२७.९१. साध्या तापमानाला हा रंगहीन वायू असतो, उत्कलनबिंदू उणे ३५ अंश सेल्सिअस. दमट हवेत सुटला की पांढरा धूर दिसतो. पुस्तकात हायड्रोजन आणि आयोडीन यांच्या वाफांचा समतोल येतो तिथे हाच वायू अभिप्रेत असतो.

हा वायू पाण्यात भरपूर विरघळतो आणि पाण्यात त्याचे जवळजवळ पूर्ण विचरण होते. ते द्रावण म्हणजे हायड्रोआयोडिक आम्ल. बाटलीत एचआयचे रेणू जवळपास नसतातच, हायड्रोनियम आणि आयोडाइड हे आयन असतात. ॲनिसोलपासून फिनॉल आणि मेथिल आयोडाइड मिळते किंवा ग्लुकोजपासून एन-हेक्झेन मिळते, असे बारावीच्या पुस्तकात बाणावर नुसते 'एचआय' लिहिलेले असते. तिथे अर्थ घ्यायचा तो या संहत द्रावणाचा, सिलिंडरमधल्या वायूचा नाही.

टक्केवारी द्रावणालाच असते, आणि ती वजनाची असते. ५७ हा आकडा काही कंपनीच्या मर्जीचा नाही. ५७ भाग एचआय आणि ४३ भाग पाणी यांचे मिश्रण स्थिर-उत्कलनी आहे, १२७ अंशांना उकळते आणि उकळताना त्याची घडण बदलत नाही. ४७% हे त्याहून सौम्य विक्रीचे प्रमाण.

आता हिशेब. ५७% द्रावणाची घनता सुमारे १.७० ग्रॅम प्रति मिलिलिटर. म्हणजे एका लिटरचे वजन १७०० ग्रॅम, त्यात एचआय ९६९ ग्रॅम, म्हणजे साधारण ७.६ मोल. ४७% द्रावणाची घनता १.५० च्या आसपास, त्यामुळे ते ५.५ मोलर भरते. कृतीत '०.१ मोल एचआय' लिहिले असेल तर एचआय लागते १२.७९ ग्रॅम. पण ५७% द्रावण घ्यावे लागते २२.४ ग्रॅम, म्हणजे १३.२ मिलिलिटर. कोणी द्रावणच १२.८ ग्रॅम मोजले तर हाती येतात फक्त ०.०५७ मोल. नोंदवहीत वायू आणि द्रावण एकाच मथळ्याखाली असले की ही चूक ठरलेली.

'हायड्रोआयोडिक' आणि 'हायड्रायोडिक' हे मात्र एकच. दुसरे रूप जुने आहे. मराठी नोंदीत एकच रूप धरा आणि दुसरे 'पहा' म्हणून द्या. 'हायड्रा'मुळे हायड्रेट वाटून कोणी स्फटिकजल शोधायला जाऊ नये.

---

लेबलवाचक यांचा प्रतिसाद :

सीएएस क्रमांकावर भरवसा ठेवून वेगळेपण ठरवू नका. तो रासायनिक घटकाला दिलेला असतो, त्यामुळे वायू आणि पाण्यातले द्रावण दोघांवर तोच छापतात. वाहतुकीचा यूएन क्रमांक मात्र दोघांना वेगळा आहे. निर्जल हायड्रोजन आयोडाइड : यूएन २१९७, वर्ग २.३, म्हणजे विषारी वायू, आणि दुय्यम धोका वर्ग ८. द्रावण : यूएन १७८७, वर्ग ८, म्हणजे क्षरणकारी. या वाहतूक-यादीत द्रावणाचे अधिकृत नाव 'हायड्रायोडिक' असेच आहे. कागदपत्रांत 'हायड्रोआयोडिक' शोधून काही मिळाले नाही तर हे रूप घालून बघा.

सीएएसची अनुक्रमणिका क्षारांसाठीसुद्धा 'हायड्रायोडाइड' असेच वापरते, पुढे प्रमाण लिहून : १:१, १:२. तुमचे डायहायड्रोआयोडाइड तिथे 'हायड्रायोडाइड १:२' असे सापडेल.

आणखी एक. अमेरिकेत हे आम्ल पहिल्या यादीतले नियंत्रित रसायन आहे, त्यामुळे तिथून मागवताना कागदपत्रे वाढतात. आपल्याकडेही वापराची नोंद मिलिलिटरपर्यंत चोख ठेवावी आणि बाटली कुलपात असावी.

---

कोठारनोंद :

दोघांचेही आभार. मग द्रावणाच्या बाटलीवर 'हायपोफॉस्फरस ॲसिडने स्थिरीकृत' असे लिहिले आहे, ते नोंदवायची गरज आहे का? आणि एक बाटली तपकिरी झाली आहे, ती अजून ५७% धरावी का?

---

अनुमापक :

नोंदवायलाच हवे. आयोडाइड आयनाचे ऑक्सिडीकरण सहज होते. चार एचआय आणि एक ऑक्सिजन यांपासून दोन पाणी आणि दोन आयोडीनचे रेणू होतात. सुटलेले आयोडीन उरलेल्या आयोडाइडला धरून ट्रायआयोडाइड होते, तो तपकिरी रंग त्याचा. उजेडाने हे लवकर होते. म्हणून गडद काचेची, घट्ट बुचाची, शक्यतो काठोकाठ भरलेली बाटली. साध्या पॉलिथिलीनच्या डब्यात ठेवू नका, त्यात आयोडीन मुरते आणि डबा कायमचा डागतो. स्थिरक घालतात तो ही रंगाची वाट रोखायला, साधारण दीड टक्क्यापर्यंत.

पण हाच स्थिरक टायट्रेशनमध्ये (ठरावीक तीव्रतेचे द्रावण थेंबाथेंबाने घालून मोजताना) फसवतो. हायपोफॉस्फरस आम्लाचा एक हायड्रोजन आम्लधर्मी आहे आणि ते बऱ्यापैकी तीव्र आम्ल आहे, त्यामुळे सोडियम हायड्रॉक्साइड त्यालाही मोजते. १०० ग्रॅम द्रावणात ५७ ग्रॅम एचआय म्हणजे ०.४४६ मोल. त्यात दीड ग्रॅम स्थिरक म्हणजे आणखी ०.०२३ मोल. दोन्ही मिळून सगळे एचआयच धरले तर उत्तर येते जवळपास ६०%. नवी बाटली लेबलपेक्षा 'जास्त चांगली' निघाली तर आधी हे तपासा.

आयोडाइडच मोजायचे असेल तर सिल्व्हर नायट्रेट वापरा. सुमारे ०.५ ग्रॅम द्रावण अचूक तोलून १०० मिलिलिटर पाण्यात घ्या. त्यात १ ग्रॅम सोडियम ॲसिटेट घाला. ही पायरी गाळू नका, कारण तीव्र आम्लात इओसिन दर्शक काम करत नाही आणि ॲसिटेटने द्रावण ॲसिटिक आम्लाच्या पातळीवर येते. मग इओसिनचे दोनतीन थेंब टाकून ०.१ मोलर सिल्व्हर नायट्रेटने टायट्रेट करा. साका एकदम किरमिजी झाला की अंत्यबिंदू. ५७% असेल तर ०.५ ग्रॅमला २२.३ मिलिलिटर लागावेत. थेट उन्हात करू नका, सिल्व्हर आयोडाइड उजेडात काळवंडते आणि रंगबदल कळत नाही.

तपकिरी बाटली ५७% धरू नये. वरच्या पद्धतीने येईल तो आकडा तारखेसह बाटलीवर लिहा. शंका राहिली तर मोजमापाच्या कामातून ती बाजूला काढा.

---

पशुखाद्यसूत्र यांचा प्रतिसाद :

क्षारांबद्दल. नायट्रोजन असलेल्या आम्लारीने एचआय घेतले की हायड्रोआयोडाइड होते. प्रोटॉन नायट्रोजनवर जातो, आयोडाइड जोडीला उभे राहते. नाव दोन तऱ्हांनी देता येते. मूळ आम्लारीचे नाव तसेच ठेवले तर पुढे 'हायड्रोआयोडाइड', आणि प्रोटॉन घेतलेल्या आयनाचे नाव '-इयम' लावून घेतले तर पुढे नुसते 'आयोडाइड'. म्हणून मेथिलअमाइन हायड्रोआयोडाइड आणि मेथिलअमोनियम आयोडाइड हा एकच पदार्थ आहे, रेणुवस्तुमान १५८.९७. पेरोव्स्काइट सौरघटांवर काम करणारे दुसरे नाव वापरतात, जुन्या सेंद्रिय रसायनाच्या पुस्तकांत पहिले मिळते. दोन्ही नावांनी दोनदा खरेदी होते, ती टाळा.

पोटॅशियम आयोडाइडला मात्र हायड्रोआयोडाइड म्हणता येत नाही, त्यात एचआयचा हायड्रोजन उरलेलाच नाही.

तुमच्या यादीतले एथिलीनडायअमाइन डायहायड्रोआयोडाइड पशुखाद्यात 'ईडीडीआय' म्हणून ओळखतात. रेणुवस्तुमान ३१५.९, त्यात आयोडीन ८०.३%. पोटॅशियम आयोडाइडमध्ये ७६.४%, निर्जल कॅल्शियम आयोडेटमध्ये ६५.१%, पोटॅशियम आयोडेटमध्ये ५९.३%. टनभर पशुखाद्याला १ ग्रॅम आयोडीन द्यायचे तर अनुक्रमे १.२४५, १.३०८, १.५३६ आणि १.६८६ ग्रॅम पदार्थ लागतो. सूत्रात 'आयोडीन इतके' असे लिहिले आहे की 'ईडीडीआय इतके', हे वाचल्याशिवाय तोलू नये. 'डाय' विसरून एकच आयोडीन धरले तर आयोडीनच्या टक्केवारीचे उत्तर अर्ध्यावर घसरते.

खनिज मिश्रणात ईडीडीआय आणि मोरचूद शेजारी आले आणि ओल मिळाली तर तांब्याचा आयन आयोडाइडचे ऑक्सिडीकरण करतो. क्युप्रस आयोडाइड आणि मोकळे आयोडीन तयार होते, आयोडीन उडून जाते. पोत्याच्या आतल्या बाजूला पिवळट-तपकिरी डाग दिसले तर कारण बहुधा हेच. दोन्ही वेगवेगळ्या वाहकात आधी पातळ करून मगच एकत्र करावीत, मिश्रण कोरडे ठेवावे.

---

लेबलवाचक :

मेथायोडाइड राहिलेच. ते हायड्रोआयोडाइड नव्हे, आणि 'एचआय' मथळ्याखाली तर अजिबात नको. त्यात नायट्रोजनवर प्रोटॉनऐवजी मेथिल गट बसलेला असतो, म्हणजे आम्लारी अधिक मेथिल आयोडाइड. तुमच्याकडच्याच दोन बाटल्या घ्या. ट्रायमेथिलअमाइन हायड्रोआयोडाइडचे रेणुवस्तुमान १८७.०२. ट्रायमेथिलअमाइन मेथायोडाइड म्हणजेच टेट्रामेथिलअमोनियम आयोडाइड, त्याचे २०१.०५.

लेबल पुसले असेल तर सिल्व्हर नायट्रेटने निवाडा होत नाही. दोन्ही अमोनियात न विरघळणारा पिवळा साका देतात. चिमूटभर पदार्थ परीक्षानळीत घेऊन सोडियम हायड्रॉक्साइड घाला, हलके कोमट करा आणि तोंडाशी ओला तांबडा लिटमस धरा, कागद काचेला टेकू देऊ नका. हायड्रोआयोडाइडमधून अमाइन मोकळे होऊन लिटमस निळा होतो, सुक्या मासळीसारखा वास येतो. मेथायोडाइडमधून काही सुटत नाही. नळी नाकाशी धरू नका, वास हाताने वारा घालूनच घ्यावा.

---

जुनीपाने यांचा प्रतिसाद :

जुनी पुस्तके किंवा जुनी लेबले हाताळायची असतील तर 'हायड्रायोडेट' हा शब्दही भेटेल, आणि त्याने मोठा घोटाळा होऊ शकतो.

कूर्त्वाला १८११ साली समुद्री शेवाळाच्या राखेतून आयोडीन मिळाले. १८१३-१४ मध्ये गे-ल्युसॅकने त्याचा सविस्तर अभ्यास केला आणि हायड्रोजनशी होणाऱ्या आम्लाला 'हायड्रायोडिक' नाव दिले. त्या काळी क्षार म्हणजे आम्ल अधिक धातूचे ऑक्साइड अशी समजूत होती. म्हणून पोटॅशियम आयोडाइडच्या द्रावणाला 'हायड्रायोडेट ऑफ पोटॅश' म्हणत. कोरड्या स्फटिकाला आयोडाइड आणि तोच पाण्यात विरघळला की हायड्रायोडेट, असा भेदही काही जण करत. होमिओपॅथीत ते नाव अजून टिकून आहे : काली हायड्रायोडिकम म्हणजेच काली आयोडेटम, म्हणजे पोटॅशियम आयोडाइड. इथे 'आयोडेटम' वाचूनही आयोडेट समजू नये.

आयोडेट ही वेगळीच जात. आयोडिक आम्लात ऑक्सिजन असतो आणि त्याचा क्षार पोटॅशियम आयोडेट ऑक्सिडीकारक आहे, तर आयोडाइड क्षपणकारक. आपल्याकडे मिठात आयोडेट घालतात, कारण ओलसर आणि कमी शुद्ध मिठात ते आयोडाइडपेक्षा टिकते. आम्लाच्या सान्निध्यात एक आयोडेट आणि पाच आयोडाइड आयन मिळून आयोडीनचे तीन रेणू सुटतात. तेव्हा 'हायड्रायोडेट'चे भाषांतर करताना 'आयोडेट' लिहू नका, 'आयोडाइड' लिहा. कोठारातही आयोडेटची फळी ऑक्सिडीकारकांत, हायड्रोआयोडिक आम्लापासून लांब.

---

कोठारनोंद :

आता पाच मथळे करतो : हायड्रोजन आयोडाइड (वायू), हायड्रोआयोडिक आम्ल (टक्केवारी, घनता, स्थिरक आणि तपासणीची तारीख यांसह), हायड्रोआयोडाइड क्षार, मेथायोडाइड व इतर चतुर्थक (नायट्रोजनवर चार कार्बनी गट असलेली) आयोडाइडे, आणि धातूंची आयोडाइडे. हायड्रोआयोडाइड क्षारांपुढे एचआयचे प्रमाण १:१ की १:२ हा रकाना ठेवू का?

---

अनुमापक :

ठेवा, आणि त्याच्या शेजारी 'मूळ आम्लारीचा वाटा' असा आणखी एक रकाना घ्या. ट्रायमेथिलअमाइन ५९.११ भागिले १८७.०२, म्हणजे ०.३१६. कोणाला १ ग्रॅम आम्लारी हवे असेल तर ३.१६ ग्रॅम क्षार द्यायचा, हे देणाऱ्याला तिथल्या तिथे दिसेल. स्फटिकजल असलेला क्षार आला तर हा वाटा त्या बाटलीच्या प्रमाणपत्रावरून पुन्हा काढा. हे क्षार गडद बाटलीत, शोषपात्रात (ओल शोषणाऱ्या बंद पात्रात) ठेवा. पांढऱ्याचा पिवळा झाला की आयोडीन सुटायला लागले आहे, तसा शेरा त्याच दिवशी लिहा.