बॉबी बम्प्स पोरांना दाखवायचंय, मूक आहे, कसं जमवू?

अमळनेरकर: आमच्या गल्लीतल्या पोरांना गच्चीवर प्रोजेक्टर लावून जुनं मूक कार्टून दाखवायचंय, बॉबी बम्प्स, तो उचापती पोरगा आणि त्याचा कुत्रा फायडो. पण डाऊनलोड केलेल्या कॉपीत सगळे पळतच सुटलेत आणि आवाज तर नाहीच, पोरं बसतील का भो?

भुसावळवाला: बसतील ना. स्पीड कमी करून बघ, त्या काळी बरेच सिनेमे सेकंदाला १६-१८ फ्रेमच्या आसपास चालायचे, आता २४ ने चालवले की पळतातच. व्हीएलसी प्लेअरमध्ये स्पीड ०.७५ कर.

धुळेकर: आणि पोरांना ते चित्रकाराच्या हाताचं नक्की दाखव भाऊ, काही भागांत खरा हात पडद्यावर येऊन बॉबीला काढतो आणि हा कार्टा त्याच्याशीच पंगा घेतो, १०० वर्षांपूर्वीचं असून आजही भारी वाटतं. अर्ल हर्ड नावाच्या अमेरिकन कार्टूनवाल्याचं काम आहे ते. पारदर्शक सेल्युलॉइडवर पात्रं काढायची, मागचं चित्र एकदाच काढून खाली ठेवायचं, याचं पेटंट त्याचंच, १९१५ चं. नाहीतर दर फ्रेमला घर, झाड, कुंपण सगळं परत काढत बसा!

जळगावकर: आपल्याकडे फाळक्यांनी त्याच सुमारास आगकाड्या हलवून फिल्म केली होती, तेही सांग. आवाजाचं टेन्शन नको, एखाद्या मोठ्या पोराला माईक दे, इंग्रजी पाट्या अहिराणीत सांगू दे.

अमळनेरकर: हे बेस्ट, माझा भाचा लई बडबड्या आहे, त्यालेच देतो माईक.