बांधावरचं ‘बरू’ गवत: हाच आपला बोरू का? गुरांना चालतं का? काढायचं कसं? (मदत हवी आहे)

नमस्कार मंडळी,

मी इंदूरची. सासऱ्यांची देपालपूरकडे थोडी जमीन आहे. पावसाळ्यात सोयाबीन, थंडीत गहू, आणि कसायला बटाईने दिलेली. सासऱ्यांना आता गाडीतला प्रवास झेपत नाही, त्यामुळे देखरेख माझ्याकडे आली आहे. प्रश्न एका गवताचा आहे. त्यात गुरांच्या जिवाचा भाग असल्यामुळे जाणकारांनी लवकर उत्तर दिलं तर फार उपकार होतील.

ओढ्याकडच्या बांधावर हे गवत पूर्वीपासून होतं म्हणतात, पण आता ते बांध सोडून सोयाबीनच्या ओळींत शिरलंय. माणसाच्या डोक्यावर जाईल एवढी उंची. लांबून बघणाऱ्याला वाटावं कुणी ज्वारी पेरली आहे. पान ज्वारीसारखंच, जरा अरुंद, मधली शीर पांढरी ठसठशीत. तुरा मात्र ज्वारीच्या कणसासारखा घट्ट नाही. सुटा, पिसारलेला, जांभळट-तांबूस. हात लावला की दाणे झडतात. (फोटो सोबत जोडला आहे.)

खरं दुखणं जमिनीखाली आहे. उपटायला गेलं की वरचं हातात येतं आणि काशा, म्हणजे जमिनीखालची आडवी खोडं, आत राहतात. पाऊस पडून गेल्यावर एक काशी कुदळीने पूर्ण उकरून काढली. करंगळीएवढी जाड, पांढरट, पेरापेरावर तपकिरी पापुद्रे, आणि टोक इतकं अणकुचीदार की शेजारच्या बटाट्याच्या वाफ्यात एका बटाट्यातून आरपार गेलेलं होतं. दाखवायला म्हणून त्यातले तुकडे ओल्या पोत्यात गुंडाळून घरी आणले. बोटाच्या एका पेराएवढ्या तुकड्यालाही हिरवा कोंब फुटला. तेव्हा रोटाव्हेटर फिरवायचा बेत लगेच थांबवला.

आता गोंधळ नावाचा. आमचा बटाईदार याला ‘बरू’ म्हणतो. सांगलीच्या मावशीला फोनवर सांगितलं, तर ती आनंदलीच. “अगं, बोरू ना? फुलावर यायच्या आत गाडून टाक, सोन्यासारखं खत होतं.” शेजारचे काका मूळचे भोपाळचे. ते म्हणतात हा ‘बर्रू’, याच्याच कलमा करून ते पाटीवर लिहायला शिकले. आणि बटाईदाराच्या मुलाने मोबाईलवर फोटो काढून शोधलं, तर ‘जॉन्सन ग्रास’ असं आलं. आता त्याचं म्हणणं की हे अमेरिकेतून आलेलं आहे, गाजरगवतासारखं.

एका गवताला चार नावं असली तर माझी काही हरकत नव्हती. पण इथे प्रत्येक नावामागे वेगळा सल्ला येतोय. मावशीचं ऐकून हे गाडलं तर पुढच्या वर्षी शेतात दुसरं काही उगवणार नाही, एवढं त्या पोत्यातल्या कोंबांवरून कळतंय. त्यातच बटाईदाराची गाय आणि दोन म्हशी आहेत. तो म्हणतो चारा फुकट उभा आहे, कापून घालतो. मी त्याला तूर्त थांबवलं आहे, पण त्याला कारण द्यायला हवं. मोठा माणूस आहे, नुसतं “नको” म्हणणं बरं दिसत नाही.

तर माझे प्रश्न:

बरू, बोरू, बर्रू आणि जॉन्सन ग्रास, यांतलं कोण कोणाचं?

गुरांना घालावं का?

सोयाबीनला धक्का न लावता हे कसं काढायचं? सगळ्या शेतावर जहाल औषध मारायची माझी तयारी नाही. विहीर ओढ्याला लागूनच आहे.

– बांधावरची

---

मोडीप्रेमी: ताई, मावशी चुकीचं सांगत नाहीत, त्या दुसऱ्याच झाडाबद्दल बोलताहेत. महाराष्ट्रात बऱ्याच भागांत तागाला बोरू म्हणतात. पिवळ्या फुलांचं, शेंगा येणारं, कडधान्याच्या कुळातलं झाड. मुळांवर गाठी असतात, हवेतला नत्र जमिनीत येतो, म्हणून फुलाआधी गाडतात. तुमच्या मालव्यात त्यालाच सन किंवा सनई म्हणतील. तुमच्या फोटोत तुरा आहे, म्हणजे हे गवतच. त्याचा तागाशी काही संबंध नाही.

दुसरा बोरू लेखणीचा. आपल्याकडे मोडी लिहायचे तो. तुमच्या होळकर दरबाराची दप्तरं याच लेखणीने लिहिलेली. लेखणीला काडी पोकळ आणि कडक सालीची लागते, म्हणजे तिरपा छेद देऊन टोकाला चीर पाडता येते. तुमच्या गवताची काडी आडवी कापून बघा. ज्वारीच्या ताटासारखं आत भेंड भरलेलं असलं तर त्याची धड लेखणी होणार नाही.

भोपाळच्या काकांचा शब्द मात्र फार मोलाचा आहे. भोपाळच्या जुन्या रहिवाशांना ‘बर्रूकाट भोपाली’ म्हणतात. ज्यांच्या पूर्वजांनी तिथलं उंच बर्रू कापून वस्ती वसवली ते. गवत कापणं हीच त्या माणसांची ओळख झाली. काकांना विचारा, त्यांच्या लहानपणीचं बर्रू ओढ्यात, पाण्यालगत वाढायचं का, आणि काडी पोकळ होती का. त्या उत्तरावरून पुष्कळ उलगडेल.

---

पेरणीपूर्व: आमच्या विदर्भात काळ्या जमिनीत कुंदा असाच छळतो. तो नाही ना?

---

बांधावरची: कुंदा मी पाहिलेला आहे, तो एवढा उंच जात नाही आणि त्याचा तुरा बोटं जोडल्यासारखा असतो. हा मोकळा पिसारा आहे. काडी कापली, आत पांढरं भेंड भरलेलं आहे. काकांना विचारलं. त्यांचं बर्रू तळ्याच्या काठचं, पोकळ काडीचं. फोटो पुन्हा नीट बघितल्यावर तेच म्हणाले, “नाही, हे ते नव्हे, आमचं सरळ नळीसारखं होतं.”

---

रानवेल: मग हे जॉन्सन ग्रासच. शास्त्रीय नाव सोरघम हालेपेन्स, आणि उत्तरेकडे याचं रुळलेलं नाव बरू. बटाईदार अगदी बरोबर आहे. सोरघम म्हणजे ज्वारीचंच कुळ, त्यामुळे ज्वारीसारखं दिसणं साहजिक आहे. हालेपेन्स म्हणजे हलबचं, सीरियातलं अलेप्पो शहर. लिनियसने १७५३ साली नाव दिलं तेव्हा ते शहर त्यात आलं. स्पॅनिशमध्ये आजही याला अलेप्पोची ज्वारी म्हणतात.

जॉन्सन हा अमेरिकेतल्या अलाबामाचा एक जमीनदार, कर्नल विल्यम जॉन्सन. त्याने साधारण १८४० च्या सुमारास नदीकाठच्या जमिनीत चारा म्हणून हे पेरलं. बी आलं होतं दक्षिण कॅरोलायनातून, आणि तिथे ते तुर्कस्तानातून. तिकडे आधी याला मीन्स ग्रास म्हणत, तेही एका जमीनदार घराण्यावरून. म्हणजे मुलाला सांगा, हे अमेरिकेतून इकडे आलेलं नाही. भूमध्य समुद्रापासून आपल्या बाजूपर्यंतचं हे गवत तिकडे गेलं आणि तिथल्या कापसाच्या नि मक्याच्या शेतांना पुरून उरलं. गाजरगवताचा प्रवास याच्या नेमका उलटा. १९७७ साली जगातल्या सर्वांत त्रासदायक तणांची क्रमवारी लावली गेली, तीत लव्हाळा पहिला, हरळी दुसरी आणि हे सहावं होतं.

एक गोष्ट जरूर लक्षात ठेवा. जवळपास कुणी बियाण्यासाठी ज्वारी लावत असेल तर याचा तिच्याशी संकर होऊ शकतो. शिवाय ज्वारीवरची मिजमाशी आणि उसा-मक्यावरचे काही विषाणू यावर तग धरतात.

---

गोठा_आणि_दवाखाना: मी निवृत्त पशुवैद्य. गुरांचा प्रश्न आधी घ्या, बाकी सावकाश.

ताई, बटाईदाराला थांबवलंत हे उत्तम केलंत. त्याला एक शब्द पुरेल: किराळ. ज्वारीचे कोवळे फुटवे खाऊन जनावर तडकाफडकी मरतं ते ज्याने पाहिलंय तो पुन्हा धोका पत्करत नाही. बरूतही तेच द्रव्य असतं. जनावराने पान चावलं की त्यातून हायड्रोसायनिक आम्ल सुटतं आणि रक्तात प्राणवायू असूनही पेशींना तो वापरता येत नाही. म्हणूनच डोळ्यांच्या आणि हिरड्यांच्या आतली त्वचा लालभडक दिसते. धाप, लाळ, झोकांड्या, मग आचके. कधी कधी सगळं अर्ध्या तासात आटोपतं.

सर्वांत घातक कोवळे फुटवे. कापल्यानंतर आलेले, ताणानंतर पाऊस पडून तरारलेले, दहिवराने किंवा कडाक्याच्या थंडीने मार खाल्लेले. म्हणजे पावसाने ओढ दिली आणि मग सर आली की जो हिरवागार लुसलुशीत चारा बांधावर दिसतो, नेमका तोच. सुकून मलूल झालेला तर ताज्याहूनही वाईट. उन्हात कडकडीत वाळवलेल्या गवतात विष बरंच कमी होतं, मुरघासातही कमी होतं. पण मी तुमच्या जागी असतो तर बटाईदाराला तेही सुचवलं नसतं, कारण बी धरलेलं गवत खाल्लं तर बरंचसं बी शेणातून जिवंत बाहेर पडतं. ते शेणखत कुठे जाणार? तुमच्याच शेतात.

कधी चुकून खाल्लंच तर घरगुती उपाय करत बसू नका. सोडियम नायट्राइट आणि सोडियम थायोसल्फेट शिरेतून द्यावं लागतं, तेही वेळेत. जवळच्या पशुवैद्याचा नंबर गोठ्याच्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवा. महूला पशुवैद्यक महाविद्यालय आहे, पण देपालपूरहून तिथे जाईपर्यंतचा वेळ जनावराला मिळत नाही, म्हणून जवळचाच.

---

काळी_माती: आता काढण्याविषयी. रोटाव्हेटर थांबवलात हे सर्वांत शहाणपणाचं काम झालं. तो काशांचे तुकडे करून शेतभर पेरतो.

आत्ता, सोयाबीन उभं असताना: तुरा बाहेर पडायला लागला की कापा, दाणा भरू देऊ नका. कापलेले तुरे बांधावर टाकू नका, पोत्यात भरा. ओळींत जे शिरलंय त्यावर फक्त गवतवर्गीय तणांवर चालणारं औषध मिळतं, क्विझालोफॉप किंवा हॅलॉक्सिफॉप. सोयाबीन रुंद पानांचं, त्याला त्याचा अपाय होत नाही. सगळ्या शेतावर नको, जिथे गवत आहे तिथेच. मात्रा आणि कापणीआधी सोडायचे दिवस डब्यावर असतात तेच पाळा, आणि विहिरीच्या बाजूला फवारूच नका, तिथे कुदळच. एका फवारणीत काशा मरत नाहीत, नवीन फुटवे येतील, तेव्हा पुन्हा. ग्लायफोसेट कुणी सुचवेल, पण ऑक्टोबर २०२२ मध्ये केंद्राने अधिसूचना काढून ते परवानाधारक कीडनियंत्रकांपुरतं मर्यादित केलं होतं, आणि तुमच्या पिकात ते चालणारही नाही.

खरी लढाई एप्रिल-मेमध्ये. गहू निघाला की पलटी नांगराने खोल नांगरा आणि ढेकळं तशीच उन्हात तापू द्या. काशा वर आल्या की वखर फिरवून वेचा. मालव्याच्या उन्हात त्या वाळून कटकन मोडल्या म्हणजे मेल्या. नुसत्या वाकत असतील तर जिवंत आहेत. १९४९ मध्ये जागतिक बँकेने भारताला शेतीयंत्रांसाठी कर्ज दिलं होतं, तेही मध्य भारतातल्या कांस नावाच्या चिवट गवताने व्यापलेल्या जमिनी अशाच खोल नांगरटीने मोकळ्या करायला. तत्त्व तेच.

बांध विसरू नका. बहुतेक लोक शेत साफ करतात आणि बांधावरचं तसंच ठेवतात. तिथूनच पुन्हा सगळं येतं.

---

बांधावरची: मंडळी, सगळ्यांचे मनापासून आभार. डॉक्टरसाहेब, तुमचा प्रतिसाद बटाईदाराला हिंदीत वाचून दाखवला. त्याच्या आजोबांच्या वेळी कोवळ्या ज्वारीने बैल गेला होता, ते त्याला लगेच आठवलं. आता तो स्वतःच शेजारच्या शेतात सांगत फिरतोय. गोठ्यात नंबर लिहून झाला. मावशीलाही कळवलं, ती म्हणाली तागाचं बी पाठवते.

तुरे कापायला कालपासून सुरुवात केली आहे. त्यावरून एक प्रश्न उरलाय. वेचलेल्या काशा आणि बिनदाण्याचे तुरे कंपोस्टात घालावेत का? शेतीशास्त्रज्ञ हॉवर्डसाहेबांनी कंपोस्टाच्या ज्या पद्धतीला आमच्या इंदूरचं नाव दिलं, तसाच ढीग आम्ही घरामागे लावतो आणि आतून हात लावता येणार नाही इतका तापतो.

---

काळी_माती: काशा आधी फरशीवर किंवा पत्र्यावर मोडेपर्यंत वाळवा, मग ढिगाच्या मध्यभागी घाला. कडेला नको, कडा तापत नाहीत. ढीग उलटताना कडेचा माल आत जाईल असं बघा. दाणा धरलेला एकही तुरा त्यात जाऊ देऊ नका. आणि कस्तुरबाग्रामच्या कृषी विज्ञान केंद्रात एक पूर्ण रोप, काशीसकट, घेऊन जा. ओळख त्यांच्याकडून पक्की करून घ्या आणि औषधाची मात्रा त्यांनाच लिहून द्यायला सांगा.

---

बांधावरची: सोमवारी जाते. रोप पिशवीत घट्ट बांधून नेईन, वाटेत बी सांडायला नको.