सुबक, नेटकं आणि मंत्रचळ

नागपूरच्या धरमपेठेतून: 'सुबक' आणि 'नेटकं' यांत नेमका फरक काय? इतवारीतून दीडशे रुपयांचा स्टीलचा गडवा आणला. (पुण्याकडच्यांनी तांब्या वाचावं.) मान मुठीत बरोब्बर बसते, काठ बाहेर वळलेला, ओतताना पाणी खाली ओघळत नाही. मी म्हटलं, सुबक आहे. जाऊबाई म्हणाल्या, ''तुझं सगळंच नेटकं बाई, तुला ओसीडी आहे नं!'' हा मनाचा आजार मला खराच आहे, डॉक्टरांनी सांगितलेला. पण ओट्यावर कालची खरकटी भांडी तशीच पडलीत!

महालातून: ताई, सुबक मूळ फारसी 'सबुक', म्हणजे हलकं. त्यामुळे तो शब्द घडणीला लागतो: बांधा सुबक, अक्षर सुबक. नेटकं हे मांडणीला आणि वागण्याला. प्रपंच नेटका करतात, सुबक नाही. गडव्याला तुम्ही सुबक म्हटलं ते अगदी चपखल. चार्ल्स आणि रे ईम्स या अमेरिकी जोडप्याने १९५८ साली भारत सरकारला डिझाइनवर अहवाल दिला, त्यात भारतात पाहिलेल्या वस्तूंमध्ये सगळ्यात सुंदर म्हणून लोटाच निवडला होता. त्या अहवालातूनच पुढे १९६१ साली अहमदाबादची राष्ट्रीय डिझाइन संस्था उभी राहिली. आपल्या आज्यांना मात्र हे अहवालाशिवायच माहीत होतं.

इतवारीतून: अन् ओसीडीले मराठीत मंत्रचळ म्हणतात नं? वापरून पाहा.

धरमपेठेतून: घरी वापरला, तर सगळे हसले. म्हातारचळासारखा वाटतो म्हणे.

महालातून: हसू द्या. मंत्र जपताना चूक झाली तर माणसाला चळ लागतो, अशी जुनी समजूत. त्यावरून आलेला शब्द. म्हणजे चुकलं तर नसेल, ही धास्ती आणि म्हणून पुन्हा पुन्हा तेच करणं. यात टापटिपीचा संबंध कुठे आला? जाऊबाईंच्या 'ओसीडी'पेक्षा हा शब्द आजाराच्या जास्त जवळ आहे.

धरमपेठेतून: काका, हे पटलं. गडवा मला आवडला तो त्याला पुढची-मागची बाजू नाही म्हणून. कसाही ठेवा, चुकत नाही. आठ दिवस सुखाचे गेले. मग सासूबाईंनी हौसेने त्यावर नाव कोरून आणलं! आता ते नाव भिंतीकडेच हवं, नाहीतर घरात कुणाला तरी काही होईल, असं मन म्हणतं. खोटं आहे हे कळतं, तरी रात्री तीनदा उठून फिरवते. डॉक्टरांनी अभ्यास दिलाय: नाव मुद्दाम तिरपं ठेवायचं, हात लावायचा नाही, जीव घाबरा झाला तर होऊ द्यायचा, आपोआप ओसरेपर्यंत बसायचं. काल वीस मिनिटं बसले.

इतवारीतून: मग?

धरमपेठेतून: मग मुलगा आला, घटाघट पाणी प्यायला आणि गडवा आडवा टाकून गेला.