मनाने लढल्या जाणाऱ्या पृथ्वी-मंगळ युद्धाला मर्यादा कोणती घालावी?

कृष्णाकाठ (सांगली):
मी गेली दोन वर्षे एक दीर्घकथा लिहीत आहे. पृथ्वी आणि मंगळावरची मानवी वसाहत यांच्यात युद्ध पेटले आहे आणि ते दुसऱ्याच्या मनात शिरू शकणाऱ्या माणसांकरवी लढले जाते. नायिका हरिपूरची आहे. तिचे आजोबा हळद साठवण्याच्या पेवांवर कामाला होते. अडचण अशी, की तिसऱ्याच प्रकरणात तिने मंगळाच्या सेनापतीच्या मनात शिरून त्याचा सगळा बेत वाचला आणि कथा तिथेच संपली. पुढची चाळीस पाने मला बाजूला ठेवावी लागली. शक्ती आठवड्यातून एकदाच चालते, किंवा वापरली की नाकातून रक्त येते, असल्या वरून लादलेल्या अटी मला पटत नाहीत. मर्यादा मनाच्या स्वभावातूनच यावी असे वाटते. जाणकारांनी कृपया मार्ग सुचवावा.

चारभिंती (सातारा):
आपल्याला हवी असलेली मर्यादा पातंजल योगसूत्रांच्या विभूतिपादात, म्हणजे सिद्धींविषयीच्या तिसऱ्या भागात, तयार आहे. परचित्ताचे ज्ञान होते असे एक सूत्र सांगते आणि लगेच पुढचे सूत्र बजावते, ‘न च तत्सालम्बनम्’. म्हणजे समोरच्याचे चित्त आसक्त आहे, रागावलेले आहे की भ्यालेले आहे, हे योग्याला कळते. परंतु ते कशावर जडले आहे, कशाला भ्याले आहे, तो विषय कळत नाही. व्यासभाष्यातही, म्हणजे या सूत्रांवरच्या जुन्या टीकेतही, नेमका हाच खुलासा आहे. आपल्या नायिकेला सेनापतीची भीती तळहातावरच्या रेषेसारखी स्पष्ट दिसू द्या, पण तो कशाला भितो आहे हे तिला तर्कानेच ओळखावे लागू द्या.

या नियमाने युद्धात काय घडेल, ते आमच्या जिल्ह्यातल्या प्रतापगडावरून पाहता येईल. १६५९ मध्ये अफजलखान वाईला तळ देऊन होता आणि महाराज आपल्याला घाबरले आहेत असा त्याचा समज वकिलांच्या बोलण्यातून पक्का करून देण्यात आला. त्या समजावरच तो जावळीच्या अरण्यात उतरला आणि १० नोव्हेंबरला भेटीस आला. आता खानाच्या पदरी मन वाचणारा एखादा माणूस असता तर? भीतीचे सोंग त्याने तत्काळ ओळखले असते. म्हणून आपल्या कथेतल्या सेनापतीची भीती खरीच असली पाहिजे. नायिकेला ती जाणवेल, ती आपल्या सैन्याची आहे असे तिला वाटेल, आणि प्रत्यक्षात तो केवळ आपला सापळा उघडा पडेल या धास्तीने थरथरत असेल. खोटे कोणीच बोललेले नाही, तरी फसवणूक पूर्ण झालेली आहे.

ताराहौशी (मिरज):
चारभिंती यांचे म्हणणे उत्तमच आहे. मी फक्त अंतराचे सांगतो. पृथ्वी आणि मंगळ जवळात जवळ असताना साधारण साडेपाच कोटी किलोमीटरवर असतात आणि लांबात लांब सुमारे चाळीस कोटींवर. त्यामुळे रेडिओसंदेशाला एका बाजूने तीन ते बावीस मिनिटे लागतात. विचार क्षणात पोहोचतो असे आपण मानले असेल, तर ते खुशाल मानावे, परंतु यान मात्र क्षणात पोहोचवू नये. कमी इंधनाच्या मार्गाने जाणाऱ्या यानाला सात ते नऊ महिने लागतात आणि तशी सोयीची वेळ सुमारे २६ महिन्यांनी एकदा येते. आपली माणसे तिकडे मरत असल्याचे त्याच क्षणी कळणे आणि मदत पुढच्या वर्षी पोहोचणे, ही यातना मला कुठल्याही लढाईच्या वर्णनापेक्षा मोठी वाटते. शिवाय साधारण दर २६ महिन्यांनीच सूर्य मध्ये येतो आणि सुमारे दोन आठवडे रेडिओसंपर्क भरवशाचा राहत नाही. त्या दिवसांत नायिका हाच एकमेव दुवा उरतो आणि तिने चुकीचे वाचले तर पडताळणार कोण?

घाटमाथा (सातारा):
चारभिंती यांनी सांगितलेल्या विभूतिपादातच सिद्धी, म्हणजे अशा अलौकिक शक्ती, हे समाधीतले अडथळे आहेत असेही म्हटले आहे. नायिका जितकी प्रवीण होईल, तितके तिचे स्वतःचे मन अशांत होत जावे.

कृष्णाकाठ (सांगली):
सर्वांचे मनापासून आभार. आपल्या उत्तरांमुळे मला नायिकेच्या आजोबांचे पेव पुन्हा आठवले. पेव म्हणजे जमिनीत खोल खणलेली, वर अरुंद तोंड आणि आत पोट सुटलेली खोली. तोंड उघडल्यावर लगेच कोणी आत उतरत नाही, कारण कोंडलेल्या हवेत माणूस गुदमरतो. तोंड काही काळ उघडे ठेवतात, मग दोरीला बांधून कंदील खाली सोडतात आणि तो तेवत राहिला तरच माणूस उतरतो. माझी नायिका आजवर बेधडक उतरत होती. नव्या तिसऱ्या प्रकरणात ती आधी स्वतःची एक लहानशी आठवण, ओल्या हळदीचा वास, सेनापतीच्या मनात सोडते आणि वाट पाहते. तो वास त्याला सुखावतो, इतके तिला कळते. मंगळावर जन्मलेल्या माणसाला तो का सुखावतो, हे तिला कळत नाही. तिथून पुढे मी काल रात्री अकरा पाने लिहिली.